एकशे पासष्ट मिलिमीटर

शनिवार, सकाळ

प्रिय ठकू,

पत्र बघून घाबरू नकोस. मी ठणठणीत आहे, गुडघा सोडला तर, आणि गुडघ्याची तक्रार ही आता बातमी राहिलेली नाही. खालच्या मजल्यावरचे ड्रायव्हरकाका उद्या तुमच्या बाजूला गाडी घेऊन येताहेत, त्यांच्या हाती हे पाकीट देते आहे. सोमवारी कामावर निघायच्या आधी ते तुझ्या हातात पडलं पाहिजे, असं त्यांना तीनदा बजावलंय. तिसऱ्या वेळी ते म्हणाले, ‘‘वहिनी, तीस वर्षं माणसं पोचवतोय, एक पाकीट पोचवेन की!’’ फोन का नाही केला, असं विचारशील. फोनवर माझी जीभ डोक्याच्या पुढे धावते हे तुला ठाऊक आहे. गेल्या रविवारी नेमकं तेच झालं.

तू विचारलंस ते साधंच होतं. तुझ्या पुलाच्या नवव्या गर्डरची तिसरी केबल जॅकने ओढली. हिशेबाप्रमाणे ती दोनशे चौदा मिलिमीटर ताणली जायला हवी होती, ताणली गेली एकशे शहाण्णव. शेकडा पाचपर्यंत इकडेतिकडे चालतं, ही तूट आठाच्या वर जाते. तू काम थांबवलंस. कंत्राटदाराचा मॅनेजर म्हणतो, नव्या लॉटची तार जरा कडक आहे, दोनशे सहा लिहा आणि पुढे चला. येत्या सोमवारी मोठे साहेब येणार, त्यांच्यापुढे तुझी सही झालेलं रजिस्टर हवं. सगळी साइट तुझ्याकडे पाठ फिरवून बसली आहे, जेवताना शेजारी कुणी बसत नाही. आणि तू म्हणालीस, ‘‘आई, बाबा असते तर काय म्हणाले असते गं?’’ माझ्या एका हातात चाकू, दुसऱ्या हातात कांदा. मी बोलून गेले, कर सही आणि मोकळी हो, अठरा मिलिमीटरने काय आभाळ कोसळतंय? तू नुसतं ‘‘बरं’’ म्हणालीस. ते ‘बरं’ आठवडाभर माझ्या कानात बसलंय. तुझा आवाज मला ओळखता येतो. ते पटल्याचं ‘बरं’ नव्हतं, दमल्याचं होतं.

बाबांचं नाव काढलंस म्हणून आधी बाबांबद्दलच लिहिते. तू सहा वर्षांची असताना त्यांनी माझ्या शिवणाच्या पेटीतली अकरा रिळं पळवली होती. दोरा नीट गुंडाळून ठेवायचीही तसदी नाही, सगळा गुंता पलंगावर. मी तणतणत होते आणि तुम्ही बापलेक जमिनीवर पालथे. त्यांनी रिळं एका ओळीत मांडली आणि तुला म्हणाले, उचल ही काठी. तू टोकाला धरून उचललंस, रिळं घरंगळत पलंगाखाली. मग त्यांनी सगळ्या रिळांतून एक दोरी ओवली, दोन्ही टोकांना कोटाची बटणं अडकवली, दोरी करकचून ओढली आणि गाठ मारली. आता उचल म्हणाले. तू उचललीस आणि रिळांची खरंच काठी झाली होती. तिच्यावर तू माझी कात्री ठेवलीस, तरी वाकली नाही. ‘‘काँक्रीट हे असंच असतं,’’ ते म्हणाले, ‘‘दाबलं तर हूं की चूं करत नाही, ओढलं की लगेच फाटतं. पुलावरून गाडी गेली की पुलाला तोलणारा आडवा गर्डर खालच्या अंगाने ओढला जातो. म्हणून त्याला आधीच इतकं दाबून ठेवायचं, की गाडी आली तरी नुसतं दाबणं कमी होईल, ओढणं सुरूच होणार नाही.’’ तुला कळलं की नाही देव जाणे, पण पुढचे दोन महिने घरातली एकही ओवता येण्यासारखी वस्तू सुटली नाही. माझ्या बांगड्यासुद्धा तू घट्ट करून ठेवल्या होत्यास. इंजिनिअर तू त्याच दिवशी झालीस, कॉलेजने नंतर नुसता कागद दिला.

तेव्हा मी पुलाचे गर्डर ओतायच्या यार्डातलं काम सोडून चार-पाच वर्षं झाली होती. मी तिथे काय करत होते हे तू कधी खोदून विचारलं नाहीस, कारण बाबा उस्ताद होते आणि मी नुसती पट्टीवाली. पण पट्टीचं काम काही कमी नव्हतं बरं का. जॅक केबल ओढायला लागला की बाबा गेजच्या काट्यावर डोळा ठेवून जोर किती झाला ते सांगायचे, आणि मी बाजूला उभी राहून, तारांवर रंगाने केलेली खूण किती बाहेर आली ते पोलादी पट्टीने मोजायचे. बाजूला म्हणजे बाजूलाच. जॅकच्या मागे कुणी उभं राहिलेलं त्यांना खपत नसे. तार धरून ठेवणारी पाचर निसटली तर गोळीसारखी येते. एकदा एक पाहुणे साहेब जॅकमागे फोटो काढायला गेले, तर बाबांनी त्यांना दंडाला धरून ओढलं होतं, साहेबपण गेलं खड्ड्यात. तर, काटा बाबांचा आणि पट्टी माझी. काटा सांगतो जोर किती लावला, पट्टी सांगते तो केबलला किती पोचला. दोघांचं जमलं तर पुढे जायचं, नाही जमलं तर थांबायचं. एकावर विसंबायचं नाही, म्हणून तर दोन ठेवलेले. लोक चेष्टेने म्हणायचे, उस्तादांच्या घरीही असंच चालतं, बायकोने मोजल्याशिवाय त्यांचं काही खरं धरत नाहीत.

आमचे चष्मेवाले साहेब मोठे हौशी. कामाच्या देखरेखीला आलेले इंजिनिअर, पण डबा खाताना शाळामास्तर व्हायचे. त्यांनीच सांगितलं होतं, की ही युक्ती सुचली तरी पहिल्यांदा ती फसली होती. फार पूर्वीच्या लोकांनी साध्या लोखंडी सळया ओढून काँक्रीट दाबून बघितलं. छान जमलं. काही महिन्यांनी बघतात तर दाब गायब! काँक्रीट सुकताना आकसतं, ओझ्याखाली आणखी थोडं आखडतं, सळई स्वतःही सैलावते. आणि साधी सळई मुळात ताणली जाते ती एवढीशी, सगळी ओढ त्यातच विरून जायची. आपली कपडे वाळत घालायची दोरी कितीही ताठ बांधली तरी आठ दिवसांत पोट काढते, तसंच. मग कुणाच्या तरी ध्यानात आलं, की ओढ जाणारच आहे तर ती धरूनच चालू. कितीतरी पट चिवट पोलाद घ्यायचं, ते भरपूर ताणायचं, काँक्रीटही पक्कं घ्यायचं, म्हणजे जायचं ते जाऊन हवं तेवढं उरतं. काय जाणार हे आधी कबूल केलं, तेव्हा कुठे काम उभं राहिलं, असं साहेब म्हणायचे आणि डब्याचं झाकण लावायचे. मला त्यातलं गणित येत नसे, पण गोष्ट आवडायची.

इकडे शिवणाच्या वर्गात आता नऊ जणी झाल्यात. त्यातली एक सगळं मोजून-मापून कापते आणि तरी बाही उलटी लावते. तिला रागावता येत नाही, इतकी गोड हसते. गच्चीवरची टाकी गळत होती ती दुरुस्त केली. तुझ्या खोलीतलं कपाट मात्र मी हलवलेलं नाही. त्याच्या खालच्या खणात, तुझ्या जुन्या वह्यांच्या मागे, माझीही एक वही आहे. लांबट, कडक पुठ्ठ्याची, पेन्सिलने लिहिलेली. यार्डात धूळ आणि तेल असायचं, म्हणून मी आकडे आधी या कच्च्या वहीत टिपायचे आणि संध्याकाळी ऑफिसात बसून शाईने रजिस्टरमध्ये उतरवायचे. रजिस्टर सरकारजमा झालं. कच्ची वही कुणाला नको होती, म्हणून माझ्याकडे राहिली. म्हणजे, कुणाला नको होती हे खरं, पण मी ती मुद्दाम ठेवली हेही खरं.

तुला आपले पुलाखालचे रविवार आठवत असतील. महिन्यातला पहिला रविवार, थर्मासमध्ये चहा, बाबांच्या खांद्यावर घडीचं स्टूल. काठाकडच्या पहिल्या गाळ्याखाली, जिथे जमीन चढून गर्डरच्या जवळ येते, तिथे आपण बसायचो. तू पाण्यात दगड भिरकवायचीस आणि बाबा स्टुलावर चढून वर बघत राहायचे. तू मैत्रिणींना सांगायचीस, माझ्या बाबांना त्यांनी बांधलेल्या पुलाचं इतकं कौतुक आहे ना, की ते त्याला भेटायला जातात. शाळेच्या निबंधातही तू तेच लिहिलंस आणि तुला बक्षीस मिळालं. त्या दिवशी ते मोरीत जाऊन बराच वेळ तोंड धूत होते. ठकू, ते कौतुकाने बघत नव्हते गं. कडेकडून दुसरा जो गर्डर आहे, त्याच्या पोटाला चीर पडते का, ते बघत होते. अकराव्या वर्षी ती पडली, केसाएवढी. त्यांनी तिच्या दोन्ही टोकांना पेन्सिलने रेघ मारली आणि बाजूला तारीख लिहिली. ते गेल्यापासून तीन वर्षं ते स्टूल घेऊन मी जाते. गुडघा त्यानेच बिघडलाय, वयाने नाही. चीर त्या खुणेपासून आजवर दोन बोटं सरकली आहे, जास्त नाही.

आता ती गोष्ट सांगते. तू पोटात होतीस, चौथा महिना. तीस गर्डर आम्ही एकाही आकड्याची चूक न होता ओढले होते आणि यार्डात त्याचा बोलबाला होता. एकतिसावा चालू होता, तोच तो कडेकडून दुसरा. आमच्याकडे दोन जॅक आणि प्रत्येकाचं स्वतःचं गेज. ही जोडी असते, तुला सांगायला नको. प्रत्येक जॅक त्याच्या गेजसकट तपासून आणलेला, त्याचा तक्ता वेगळा. त्या दिवशी दुपारी एका पंपाचा पाइप फुटला, तेल उडालं, दोन्ही गेजेस काढून पुसली आणि घाईघाईत परत बसवली. बसवताना अदलाबदल झाली. कुणाच्या लक्षात आलं नाही, दिसायला दोन्ही सारखीच. पुढच्या दोन केबली बाबांनी ओढल्या, काटा चारशेवर आला, आणि माझ्या पट्टीवर मात्र एकशे पासष्ट. यायला हवे होते एकशे ब्याऐंशी. दुसऱ्या केबलीलाही एकशे पासष्टच.

मी बाबांकडे बघितलं. त्यांनी काट्याकडे बघितलं. चष्मेवाले साहेब त्या दिवशी रजेवर, केबलींच्या नळ्यांत ग्राउट, म्हणजे सिमेंटचा पातळ गारा, भरणारी टोळी ताटकळलेली, आणि त्याच आठवड्यात बाबांच्या कायम नोकरीचं पत्र यायचं होतं. बाबा म्हणाले, ‘‘काटा बरोबर आहे. नवीन लॉटची तार कडक दिसतेय.’’ अगदी तुझ्या मॅनेजरचे शब्द, शब्दाला शब्द. संध्याकाळी मी रजिस्टर उघडलं. कच्च्या वहीत एकशे पासष्ट होतं. मी शाईने एकशे ऐंशी लिहिलं, खाली दुसऱ्यालाही एकशे ऐंशी लिहिलं, आणि सही केली. मला कुणी लिही म्हटलं नव्हतं. बाबांनीसुद्धा नाही. ते फक्त खिडकीशी उभे होते आणि मी काय लिहितेय ते बघायला वळले नाहीत. नवऱ्याची बाजू राखावी, एवढंच माझ्या डोक्यात होतं. पण यार्डात मला नवऱ्याची बाजू राखायला ठेवलेलं नव्हतं, पट्टी धरायला ठेवलेलं होतं. दुसऱ्या दिवशी साहेबांनी रजिस्टर बघून मान डोलावली, नळ्यांमध्ये ग्राउट भरलं गेलं आणि ते कडक झालं. आता त्या तारा पुन्हा ओढता येणार नव्हत्या.

पुढचे गर्डर अजून ओतायचे होते, म्हणून मधे ओढायचं काम नव्हतं. महिन्याने ते सुरू होण्याआधी जॅक तपासायला माणूस आला. त्याने गेजवरचे नंबर वाचले आणि सहज म्हणाला, अहो, यांची लग्नं उलटी लागलीत. सगळे हसले. बाबाही हसले. घरी येऊन ते जेवले नाहीत. काटा चारशे दाखवत होता तेव्हा खरा जोर तीनशे साठ-पासष्टच होता, आणि माझी पट्टी तेच सांगत होती. एव्हाना गर्डर पुलावर चढला होता, वर स्लॅब पडला होता. पाच केबलींपैकी दोन कमी ओढलेल्या, पूल काही पडणार नव्हता. बाबांनी रात्र रात्र जागून आपल्या परीने हिशेब केला, दाब थोडा कमी पडेल, मोठी ओझी गेली तर चीर पडेल, तीतून पाणी तारांपर्यंत जाईल, पण वर्षानुवर्षांनी. या वर्षानुवर्षांच्या आड आम्ही दोघं लपलो. कायम नोकरीचं पत्र आलं. तू झालीस. मी यार्ड सोडलं, बाळ लहान आहे असं सगळ्यांना सांगितलं. खरं म्हणजे मला पट्टी हातात धरवत नव्हती. तुझ्यावर ढकलत नाही हं, तू पोटात काय करणार होतीस बापडी! करणारी मी होते.

त्यांना सांगायचं नव्हतं असं नाही. चीर पडली त्या वर्षी त्यांनी अर्ज लिहिला होता, मी वाचला होता. मग तुझा निबंध आला. शेवटच्या आजारपणात एकदा म्हणाले, ‘‘सगळ्या जगाला सांग, पण ठकूला नको. तिला मी थोर वाटतो.’’ मी हो म्हटलं. आजवर तो शब्द पाळला आणि आज मोडते आहे. मला माहीत आहे, हे वाचून तुला माझा राग येईल, त्यांचा जास्त येईल. येऊ दे. पण एक सांगते, त्यांच्याबरोबर अख्खा संसार केलेली बाई सांगते, त्या दोन केबली सोडल्या तर त्यांनी आयुष्यात एक पाचरही वाकडी बसवली नाही. नंतरच्या प्रत्येक गर्डरला ते स्वतः दोन्ही गेजचे नंबर मोठ्याने वाचून दाखवायचे, आणि पोरं हसायची, उस्तादांनी पुन्हा पाढे सुरू केले म्हणून. ते का वाचतात हे फक्त मला ठाऊक होतं. माझं त्यांच्यावर फार प्रेम होतं, ठकू, त्या आकड्यासकट.

तुझ्या गर्डरचं म्हणशील तर अजून काहीही बिघडलेलं नाही. ग्राउट भरलं नाहीस ना? मग सगळं तुझ्या हातात आहे. आधी जॅकचा नंबर आणि गेजचा नंबर तक्त्याशी ताडून बघ. ते बरोबर निघालं तर केबलची नळी बघ, काँक्रीट ओतताना शिवणीतून सिमेंटचं पाणी आत शिरून कुठे गाठ धरली असेल, तर ओढ मध्येच अडते आणि पलीकडे पोचत नाही. दुसऱ्या टोकाने ओढून बघ, काय येतं ते माप. जॅक पुन्हा लावून, पाचरा किती जोराला उचलल्या जातात त्यावरून केबलीत खरी ओढ किती तेही बघता येतं, ते तू माझ्यापेक्षा जास्त शिकली आहेस. आणि खरंच तार कडक असेल, तर त्या लॉटचा तुकडा तपासायला पाठव, आठ दिवस लागोत की पंधरा. मॅनेजरशी भांडू नकोस. भांडणारी बाई दिसली की लोकांना आकडे दिसत नाहीत. शांतपणे म्हण, एकशे शहाण्णव आलंय, मी एकशे शहाण्णवच लिहिणार. शेजारी कुणी जेवायला बसत नसेल तर पुस्तक घेऊन बस. आठवड्याभरात एकजण तरी येऊन विचारेल, काय वाचताय ताई? माणसं तेवढी वाईट नसतात, घाईत असतात. आम्हीही वाईट नव्हतो.

आता हे पत्र आज का, ते सांगते. तू ‘बरं’ म्हणालीस त्यानंतर चार दिवस मी तुला ‘सही करू नको’ म्हणायला फोन उचलत होते आणि खाली ठेवत होते. कुठल्या तोंडाने म्हणणार? काल सकाळी कच्ची वही पिशवीत घातली आणि पुलांच्या ऑफिसात गेले. समोर तुझ्याच वयाची अधिकारी, सर्दीने नाक लाल झालेली. तिला आधी वाटलं, आजीबाई पेन्शनच्या कागदाला आल्यात. मी सगळं सांगितलं, लिहून दिलं, खाली नाव घातलं आणि बाबांचंही घातलं. तिने जुनं रजिस्टर शोधायला माणूस पाठवला, दोन तासांनी ते आलं. तिने माझी पेन्सिल आणि माझी शाई शेजारी शेजारी ठेवली आणि दोन्हीकडच्या आकड्यांवरून बोट फिरवलं. मग म्हणाली, गेल्या पाहणीत ती चीर आमच्याही नोंदीत आहे, कारण कळत नव्हतं. आता कळलं, तर हल्ली गर्डरच्या बाहेरून नव्या केबली टाकून राहिलेला दाब देता येतो, पूल चालू ठेवून. सव्वीस वर्षं आम्ही ज्याला ‘आता काही होणार नाही’ म्हणत बसलो, त्याला तिने दोन वाक्यांत उपाय सांगितला, मधे एकदा शिंकून. चौकशी होईल, मला बोलावतील, बाबांचं नाव निघेल. तुमच्या साइटवरही कुणीतरी म्हणेल, हीच ना ती उस्तादांची मुलगी? ते तुला तिऱ्हाइताकडून कळायला नको होतं. शेवटी तिने विचारलं, ‘‘आजी, इतक्या वर्षांनी का आलात?’’ मी म्हटलं, पोरीला सही करू नको म्हणायचंय, आणि माझी तिथे आहे तोवर मला ते म्हणता येत नाही. माझी मी काल मागे घेतली, ठकू. तू सही करू नकोस.

तुझीच,
आई